एकच भिडस्त माणूस, दोनशे चित्रपट

प्रश्न एका रंगकर्मीचा आहे. थोडक्यात असा: 'मी प्रायोगिक आणि व्यावसायिक अशा दोन्ही नाटकांत कामं करतो. कॅमेऱ्यासमोर मात्र कारकून, शेजारी, बायकोचा भाऊ असल्या विनोदी भूमिकाच वाट्याला येतात. स्पॅनिश सिनेमातल्या एखाद्या चरित्र अभिनेत्याचं काम ओळीने अभ्यासायचं ठरवलं तर कोणाचं बघू? आणि विनोदी शिक्का पुसून तो गंभीर भूमिकांकडे कसा गेला?'

पहिल्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. होसे लुईस लोपेझ वास्केझ. जन्म माद्रिद, ११ मार्च १९२२. मृत्यू माद्रिदलाच, २ नोव्हेंबर २००९. मधल्या काळात दोनशेहून जास्त चित्रपट, शिवाय नाटकं आणि दूरदर्शन. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर तुम्हाला कदाचित आवडणार नाही. त्याने शिक्का पुसलाच नाही. टक्कल, बारीक मिशी, मध्यम उंची आणि समोरच्याला 'नाही' म्हणताना होणारी तारांबळ, हे सगळं भांडवल तो विनोदी चित्रपटांतून गंभीर चित्रपटांत जसंच्या तसं घेऊन गेला. बदललं ते भोवतालचं. मी बरीच वर्षं कॅमेऱ्यासमोरचा अभिनय शिकवतो आणि स्वतःही छोट्या भूमिका करतो, त्यामुळे हे लिहिणं समीक्षकाचं नाही. नटाने नटाकडून काय उचलावं, एवढ्यापुरतंच आहे.

फेर्नांदो रे का नाही, असं कोणीतरी विचारणारच. लुईस ब्युन्युएलच्या 'विरिदियाना' (१९६१) आणि 'त्रिस्ताना'मधला (१९७०) रे मोठाच नट आहे. 'द फ्रेंच कनेक्शन'मधला (१९७१) फ्रेंच तस्करही तोच, आणि ती भूमिका त्याला चक्क गल्लतीतून मिळाली. दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिनला 'बेल द जूर'मधला नट हवा होता, म्हणजे फ्रान्सिस्को राबाल. नावांचा घोळ झाला आणि आला रे. पण रेचं अर्धं काम त्याची दाढी आणि खानदानी ठेवण करते. ती शिकता येत नाही. लोपेझ वास्केझकडे असं आयतं काहीच नव्हतं, म्हणून तो तुमच्या-आमच्या कामाचा.

त्याची सुरुवात नट म्हणून झाली नाही, हे आधी लक्षात घ्या. आई शिवणकाम करायची, तिनेच त्याला वाढवलं. नाटकांसाठी आणि चित्रपटांसाठी वेशभूषेची रेखाटनं करणं आणि सहायक दिग्दर्शक म्हणून राबणं यातून तो या धंद्यात शिरला. अभिनय हळूहळू अंगावर आला. वेशभूषाकार नट झाला की काय होतं ते त्याच्या पडद्यावरच्या वावरात दिसतं. कोट कुठे ताणला जातो, बाही किती वर सरकते, टोपी हातात असली की हात कसे अडकतात, हे त्याला शिंप्याच्या नजरेने माहीत होतं. दिग्दर्शक बेर्लांगाच्या 'एल वेर्दुगो' (जल्लाद, १९६३) या चित्रपटात तो नायकाच्या शिंपी भावाची भूमिका करतो. भूमिका छोटी आहे, पण नजर त्याच्यावरून हटत नाही. आपल्याकडचे बरेच नट कपडे शूटिंगच्या दिवशी अंगावर चढवतात आणि मग 'बेअरिंग सापडत नाही' म्हणून कुरकुरतात. या माणसाचं बेअरिंग कपड्यांपासूनच सुरू होत असावं, असा माझा अंदाज आहे.

खरा ठसा उमटला तो 'एल पिसितो'मध्ये (छोटा फ्लॅट, १९५९). दिग्दर्शक इटालियन, मार्को फेर्रेरी; कथा-पटकथा राफाएल आस्कोनाची. हे नाव लिहून ठेवा, कारण स्पॅनिश सिनेमातल्या काळ्या विनोदाचं बरंचसं श्रेय या लेखकाचं आहे आणि लोपेझ वास्केझला मिळालेल्या चांगल्या भूमिकांतला मोठा वाटाही त्याच्याच लेखणीचा. १९५०च्या दशकातलं माद्रिद, घरांची भयंकर टंचाई. रोदोल्फो आणि पेत्रिता वर्षानुवर्षं लग्नाचे ठरून बसले आहेत, पण राहायला जागा नाही. रोदोल्फो एका म्हाताऱ्या भाडेकरू बाईच्या घरात पोटभाडेकरू आहे. ती गेली की घर जाणार. तोडगा असा निघतो की त्याने म्हातारीशीच लग्न करायचं. ती मेली की भाडेहक्क नवऱ्याकडे, आणि मग पेत्रिताशी संसार. आणि याला खुद्द वाग्दत्त वधूचीही संमती! आणि म्हातारी काही लवकर मरत नाही.

मुंबईच्या चाळीत पागडीच्या खोलीसाठी काय काय झालं हे ठाऊक असलेल्या माणसाला ही गोष्ट समजावून सांगावी लागत नाही. नट म्हणून बघायचं ते असं: रोदोल्फो कुठेही 'गमतीदार' नाही. तो कोणावरही कुरघोडी करत नाही, डोळे फिरवत नाही, हशा वसूल करायला थांबत नाही. तो फक्त प्रत्येकाला हो म्हणतो. होणाऱ्या बायकोला हो, म्हातारीला हो, साहेबाला हो. प्रत्येक होकारानंतर चेहऱ्यावर क्षणभर अशी एक छटा येते की आपण काय कबूल केलं ते याला आत्ता कळलं. भीड हे त्याचं मुख्य वाद्य, आणि पुढची पन्नास वर्षं तो तेच वाजवत राहिला. म्हातारीबद्दल त्याला माया वाटू लागते तो भाग विशेष बघा. तिथे नटाला रडायची संधी होती. तो घेत नाही.

दोन वर्षांनी लुईस गार्सिया बेर्लांगाचा 'प्लासिदो' (१९६१) आला. परभाषिक चित्रपटाच्या ऑस्करसाठी त्याला नामांकनही होतं. नाताळच्या आदल्या संध्याकाळी एका गावातल्या सधन बायका 'एक गरीब आपल्या पानावर जेवायला बसवा' अशी मोहीम काढतात, भांडी बनवणारी कंपनी ती पुरस्कृत करते, आणि या सगळ्या तमाशाचा आयोजक म्हणजे गाबिनो किन्तानिया: लोपेझ वास्केझ. शीर्षकातला प्लासिदो हा तीनचाकी टेम्पोवाला. टेम्पोच्या हप्त्याची मुदत त्याच दिवशी संपतेय आणि त्याच्याकडे कोणाला लक्ष द्यायला वेळ नाही. किन्तानियाला सर्दी झालेली आहे. पूर्ण चित्रपटभर. दिग्दर्शकाने नटाला एवढंसं दिलं आणि नटाने त्याचं काय केलं बघा: धावपळ, आर्जवं, बाईसाहेबांपुढची लगबग, गरिबांपुढची तुसडी घाई, आणि या सगळ्याच्या मध्ये एक चोंदलेलं नाक. माणूस दुष्ट नाही. त्याला फक्त कार्यक्रम सुरळीत पार पाडायचा आहे, आणि तेवढ्यासाठी तो एका मरणाऱ्या माणसाचं घाईघाईने लग्न लावण्याच्या खटाटोपातही सामील होतो, कारण तो आणि सोबतची बाई लग्नाशिवाय एकत्र राहतात हे सभ्य घरात उघडकीला आलं आहे.

बेर्लांगाचे शॉट लांब असतात. एका चौकटीत आठ-दहा माणसं, तिघं एकाच वेळी बोलतायत, चौथा दार उघडून आत येतोय. संवादांना स्वतंत्र जागाच मिळत नाही. अशा चित्रीकरणात आपल्याकडच्या नटाची पहिली खोड उघडी पडते: आपलं वाक्य आलं की थोडं पुढे सरायचं. लोपेझ वास्केझ उलट करतो. वाक्य बोलता बोलता तो चौकटीबाहेर जातो, पाठमोरा होतो, दुसऱ्याच्या खांद्याआड सापडतो, आणि तरी तुम्हाला त्याचं काय चाललंय ते कळत राहतं. कारण तो बोलत नसतानाही त्याचं काम थांबलेलं नसतं. सीन खाणं वेगळं आणि सीन पेलणं वेगळं. हा चित्रपट दोनदा पाहिलात की फरक ध्यानात येईल. या संचातले आगुस्तीन गोन्सालेस, मानुएल आलेक्सांद्रे, लुईस सीहेस हेही असेच घडलेले. तो एक अख्खा कारखाना होता दुय्यम नटांचा. असा एखादा संच आपल्याकडे सलग वीस वर्षं एकत्र टिकला असता तर काय झालं असतं, असं मनात येतं. पण तो विषय वेगळा.

१९६२चा 'आत्राको आ लास त्रेस' (तीन वाजताचा दरोडा) बघाच. दिग्दर्शक होसे मारिया फोर्के. बँकेचे कर्मचारी आपल्याच शाखेवर दरोडा घालायचं ठरवतात. लोपेझ वास्केझचा गालिन्दो हा त्यातला म्होरक्या, आणि बँकेची खातेदार असलेल्या नर्तिकेपुढे तो स्वतःची ओळख करून देतो तेव्हा चाहता, मित्र, गुलाम, सेवक अशी पदव्यांची माळच लावतो. ते वाक्य स्पेनमध्ये आजही लोकांच्या तोंडी आहे. लवून, वाकून, शब्दांत साखर घोळून बोलणारा माणूस. त्याच वर्षी 'ला ग्रान फामिलिया' नावाचा पोराबाळांनी भरलेला कौटुंबिक चित्रपट आला, त्यात हा पोरांचा लाडका धर्मपिता. हे दोन्ही चित्रपट तुफान चालले आणि शिक्का पक्का बसला.

मग १९६०च्या दशकात त्याने जे केलं त्याचं कौतुक करायला मी तयार नाही, पण त्याची लाजही वाटू नये. एकेका वर्षी आठ-दहा चित्रपट. ग्रासिता मोरालेस या चिरक्या आवाजाच्या नटीबरोबर मारियानो ओसोरेसच्या विनोदी चित्रपटांत जोडी. घाईत लिहिलेले, घाईत उरकलेले. त्यातलं एखादं बघा, एकापेक्षा जास्त नको. कथा कितीही फालतू असली तरी हा माणूस अंग चोरत नाही, एवढं दिसतं. आणि दुसरं दिसतं ते असं की हातात काहीच नसलं की तो वेग वाढवतो. बोलणं भरभर, हात भरभर. ही त्याची खोड आहे, गुण नव्हे, आणि पुढे चांगल्या दिग्दर्शकांनी नेमकी तीच काढून घेतली.

त्यात पहिला कार्लोस साउरा. 'पेपरमिंट फ्रापे' (१९६७) या चित्रपटासाठी साउराला बर्लिन महोत्सवात उत्कृष्ट दिग्दर्शनाचं रौप्य अस्वल मिळालं. गोष्ट क्वेन्का या गावातल्या एका क्ष-किरण डॉक्टरची. हुलियान अविवाहित, नीटनेटका, सभ्य. बालमित्र परदेशी बायकोला घेऊन परत येतो आणि हुलियान तिच्यावर असा काही खिळतो की आपल्या दवाखान्यातल्या साध्यासुध्या परिचारिकेला तिच्यासारखी बनवायला लागतो. दोन्ही बायका जेराल्डिन चॅप्लिनच. मित्राच्या भूमिकेत आल्फ्रेदो मायो. मायो कोण, तर १९४२च्या 'रासा'चा नायक, आणि 'रासा'ची कथा टोपणनावाने लिहिली होती खुद्द स्पेनचा हुकूमशहा फ्रँकोने. म्हणजे एका बाजूला राजवटीचा अधिकृत मर्द, दुसऱ्या बाजूला जनतेचा लाडका विनोदी कारकून, आणि बाई मध्ये. साउराने नट निवडले तेव्हाच निम्मा चित्रपट लिहून झाला होता.

तुमच्या प्रश्नाचा गाभा इथे आहे. साउराने 'विनोदी नट असूनही' लोपेझ वास्केझला घेतलं असं मला वाटत नाही. विनोदी नट होता म्हणून घेतलं. प्रेक्षक त्याला हसायला सरावलेले होते. तोच टक्कल पडलेला सभ्य गृहस्थ, तीच अदब, तेच नम्र स्मित. पण कॅमेरा जवळ आला, वेग काढून घेतला आणि शेजारच्या आठ माणसांना खोलीबाहेर घालवलं, की तीच अदब अंगावर काटा आणते. 'एल पिसितो'तला माणूस सगळ्यांना हो म्हणून आत काय साठवत होता, ते 'पेपरमिंट फ्रापे'मध्ये बाहेर येतं. नटाने नवीन काही 'गंभीर' केलेलं नाही. चेहऱ्यावरच्या छटा मोजून बघा, कमी झालेल्या सापडतील. वाढलेली एकही नाही.

'एल हार्दिन दे लास देलिसियास' (१९७०) यात तो अंतोनियो कानो हा बडा उद्योगपती. मोटार अपघातात स्मृती गेली, अंग लुळं पडलं, चाकाच्या खुर्चीत बसलेला. घरच्यांना प्रेम वगैरे काही नाही, स्विस बँकेच्या खात्याचा क्रमांक हवा आहे. तो आठवावा म्हणून ते त्याच्या लहानपणातले प्रसंग नटांकरवी त्याच्यासमोर पुन्हा घडवतात. सुरुवातीलाच एक जिवंत डुक्कर खोलीत आणून. म्हणजे इथे बाकीचे सगळे नाटक करतायत आणि मुख्य नट प्रेक्षक आहे. हात-पाय गेले, बोलणं गेलं, धांदल गेली. उरले डोळे. रिॲक्शनचं काम शिकवायला मी हाच चित्रपट दाखवतो, कारण यात 'मला काही कळत नाहीये' आणि 'मला कळतंय पण दाखवायचं नाही' या दोन अवस्थांमधली रेघ तो मुद्दाम पुसट ठेवतो. आस्कोना इथेही पटकथेत आहेच.

आणि 'ला प्रिमा आन्हेलिका' (१९७४). माझ्या मते त्याचं सर्वोत्तम काम. लुईस नावाचा मध्यमवयीन गृहस्थ आईच्या अस्थी सेगोव्हियात कुटुंबाच्या दफनस्थळी ठेवायला येतो आणि १९३६च्या उन्हाळ्यात, यादवी युद्ध पेटलं तेव्हाच्या बालपणात, शिरतो. साउराने बाल लुईससाठी मुलगा घेतलाच नाही. तोच पन्नाशीचा टक्कल पडलेला माणूस, तेच कपडे, रंगभूषेत काही बदल नाही, आणि भोवतालची माणसं त्याला पोर समजून वागवतात. त्याच्या शेजारी आईच्या नात्यातली बहीण आन्हेलिका मात्र खरोखरीची लहान मुलगी आहे.

वाचायला हे हास्यास्पद वाटतं. एकांकिका स्पर्धेत असं काही दिसलं की आपण पोटात गोळा येऊन बसतो, कारण नट लगेच बोबडं बोलायला लागतो, गुडघे आत वळवतो, ओठ पुढे काढतो. लोपेझ वास्केझ यातलं काही करत नाही. बदलते ती फक्त मोठ्या माणसांकडे बघण्याची नजर: ती थोडी वर जाते, आणि उत्तर द्यायला पाव क्षण उशीर होतो. बाप प्रजासत्ताकवादी, आईच्या माहेरचं घर फ्रँकोच्या बाजूचं. अशा घरात शत्रूच्या बाजूचं पोर म्हणून वाढणाऱ्या मुलाला आपलं चुकतंय की काय असं सतत वाटत असणार. ती धास्ती हा नट बारा वर्षं कारकुनांच्या भूमिकांत साहेबापुढे वापरत आला होता. तीच इथे पोराला दिली. चित्रपटाला कान महोत्सवात ज्यूरी पारितोषिक मिळालं, आणि स्पेनमध्ये हंगामा झाला. एक पात्र फासिस्ट सलामीसाठी उचललेला हात प्लास्टरमध्ये अडकवून हिंडतं, हे फ्रँकोच्या पाठीराख्यांना झोंबलं आणि बार्सिलोनात तो चालू होता त्या चित्रपटगृहात बाँब लावला गेला. फ्रँको जायला अजून वर्षाहून अधिक अवकाश होता.

मधलं १९७२ हे वर्ष वेगळंच. एकाच सालात 'मी केरिदा सेन्योरिता', 'ला काबिना' आणि हॉलिवूडचा दिग्दर्शक जॉर्ज कुकर याच्या 'ट्रॅव्हल्स विथ माय आँट'मधली छोटी भूमिका.

'मी केरिदा सेन्योरिता'चा दिग्दर्शक हाइमे दे आर्मिन्यान. छोट्या गावातली आदेला ही चाळिशी ओलांडलेली अविवाहित बाई. चेहऱ्यावरचे केस लपूनछपून कापते, मोलकरीण इसाबेलिताबद्दल स्वतःलाही न उमगणारी ओढ तिला आहे, बँक मॅनेजर तिला मागणी घालतो. ती डॉक्टरकडे जाते आणि डॉक्टर सांगतो, तुम्ही पुरुष आहात. (डॉक्टरच्या भूमिकेत निर्माता आणि सहलेखक होसे लुईस बोराउ स्वतः.) आदेला हुआन होऊन माद्रिदला येते. नावाची कागदपत्रं नाहीत, धड शिक्षण नाही. बाई म्हणून वाढवलेल्या माणसाला येतं ते फक्त शिवणकाम. हुआन खोलीत लपून शिवणयंत्र चालवून पोट भरतो. शिंपीण आईच्या मुलाने हे दृश्य करावं, यावर मी जास्त काही बोलत नाही.

फ्रँकोच्या स्पेनमध्ये, सेन्सॉरच्या नाकाखाली, मिशीवाल्या विनोदी नटाने मिशी काढून बाईची भूमिका केली, तर प्रेक्षक कशासाठी आले असतील हे उघड आहे. हसायला. आणि आदेला त्यांना हसू देत नाही. आवाज किनरा करणं, कंबर लचकवणं, पापण्या फडफडवणं, यातलं काहीही नाही. आदेला ही एक जरा ताठ, जरा फटकळ, गावात प्रतिष्ठा असलेली बाई आहे, बस्स. खरं अवघड काम उत्तरार्धात आहे: हुआन हा 'मूळ पुरुष' वाटता कामा नये, कारण चाळीसेक वर्षं तो बाईच्या चालीरीतीत जगलाय. म्हणजे आधी पुरुष नटाने बाई करायची आणि मग त्या बाईने पुरुष व्हायला शिकायचं. शेवटचं वाक्य इसाबेलिताचं आहे. ते मी सांगणार नाही. त्या वाक्यावर लोपेझ वास्केझच्या चेहऱ्याकडे बघा एवढंच. चित्रपट परभाषिक ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला आणि ब्युन्युएलच्या फ्रेंच निर्मितीपुढे हरला. गंमत म्हणजे तिच्यात फेर्नांदो रे होता.

'ला काबिना' हा दूरदर्शनसाठी केलेला ३५ मिनिटांचा लघुपट. दिग्दर्शक आन्तोनियो मेर्सेरो, लेखनात होसे लुईस गार्सी. १३ डिसेंबर १९७२ला स्पॅनिश दूरदर्शनवर दाखवला, पुढच्या वर्षी आंतरराष्ट्रीय एमी मिळालं. सूट-टायमधला एक बाप मुलाला शाळेच्या बसमध्ये बसवतो आणि चौकात नुकत्याच बसवलेल्या लाल टेलिफोन बूथमध्ये शिरतो. दार बंद होतं. उघडत नाही. गोष्ट एवढीच. शेवट माहीत नसेल तर आधी बघून या, मग पुढचं वाचा.

बूथमध्ये अडकलेल्या माणसाचं बोलणं बाहेर जवळजवळ ऐकू येत नाही, म्हणून पूर्ण भूमिका काचेमागून, अंगाने करायची आहे. पहिली दहा मिनिटं तो घाबरतच नाही. त्याला ओशाळल्यासारखं होतं! लोक बघतायत, आपण वेडे दिसतोय, कोणाला त्रास नको. मदतीला आलेल्यांचे आभार मानल्यासारखं हसतो. गर्दी जमते, पोरं चिडवतात, पैलवानी गडी येऊन दार ओढतात, पोलीस येतो. भीड इतकी की तो काच फोडायचं मनावर घेत नाही. अग्निशमन दलाचा माणूस घाव घालणार, तेवढ्यात टेलिफोन कंपनीची गाडी येते आणि माणसासकट बूथ उचलून घेऊन जाते. लोक हात हलवून निरोप देतात. रस्त्यात दुसऱ्या गाडीवर दुसरा बूथ, आत दुसरा माणूस, दोघांची नजरानजर. इथे पहिल्यांदा त्याच्या चेहऱ्यावरून ओशाळलेपण पुसलं जातं आणि खाली काय आहे ते दिसतं. पुढे भुयार, बूथमधली प्रेतं. हे रूपक फ्रँकोच्या राजवटीचं की आणखी कशाचं, यावर स्पेनमध्ये लोकांनी भरपूर वाद घातले. नटाला त्या वादाचा काडीचा उपयोग नाही. नटाने बघायचं ते एकच: ओशाळणं, चिडणं, दमणं, आशा, शंका, धास्ती, या पायऱ्यांपैकी एकही त्याने गाळलेली नाही. आपल्यातले बहुतेक जण तिसऱ्या मिनिटाला काचेवर मुठी आपटायला लागले असते आणि मग उरलेल्या बत्तीस मिनिटांसाठी हातात काहीच राहिलं नसतं.

या लघुपटानंतर स्पेनमध्ये लोक बूथमध्ये शिरताना दारात पाय अडकवून ठेवत, असं तिथले लोक सांगतात. बऱ्याच वर्षांनी टेलिफोनची मक्तेदारी संपली तेव्हा नव्या कंपनीने जाहिरातीसाठी त्यालाच गाठलं आणि बूथमधून बाहेर काढलं.

गॅलिसियातल्या लांडगा-माणसाच्या खऱ्या खटल्यावर बेतलेला पेद्रो ओलेआचा 'एल बोस्के देल लोबो' (१९७०) वेळ मिळाला तर बघा. फिरस्ता विक्रेता, अपस्माराचे झटके, खून. या भूमिकेसाठी त्याला शिकागो महोत्सवात अभिनयाचं पारितोषिक मिळालं. हा एकच चित्रपट असा की ज्यात त्याच्या अंगातला शहरी कारकून मला दिसत नाही, आणि खरं सांगायचं तर मला तो बाकीच्यांइतका पकडतही नाही.

कुकरला तो आवडला होता, हॉलिवूडला येतोस का असं त्याने विचारलं होतं, ही गोष्ट लोपेझ वास्केझबद्दलच्या प्रत्येक लेखात असते. तो गेला नाही. इंग्रजी येत नव्हतं, आणि माद्रिदमध्ये काम भरपूर होतं. मला हा निर्णय शहाणपणाचा वाटतो. ज्या नटाची सगळी ताकद एका विशिष्ट समाजाच्या अदबीत, 'हो साहेब'मध्ये आहे, त्याला दुसऱ्या भाषेत नेलं की मिशीवाला परदेशी एवढाच उरतो.

पुढचं थोडक्यात. फ्रँकोनंतर बेर्लांगाने 'ला एस्कोपेता नासियोनाल'मध्ये (१९७८) त्याला एका मोडकळीला आलेल्या सरदारघराण्यातला वासनांध, बालिश मुलगा केलं. पुढच्या दोन भागांतही तो आहे. भीड आता उरलेलीच नाही, आणि ती गेल्यावर हाच नट किती किळसवाणा होऊ शकतो हे बघण्यासारखं आहे. मारियो कामुसचा 'ला कोल्मेना' (१९८२) बर्लिनचं सुवर्ण अस्वल घेऊन आला. त्यात तो युद्धानंतरच्या माद्रिदमधल्या कॅफेत बसून पोकळ रुबाब करणारा इसम. २००५च्या सोहळ्यात सन्मानाचा गोया हा स्पेनचा चित्रपट पुरस्कार मिळाला. नंतरची कामं सगळी बघण्याची गरज नाही.

आता बघण्याची रीत. सुरुवात 'ला काबिना'पासून करा, भाषेचा अडथळा जवळपास नाही. मग 'एल पिसितो', 'प्लासिदो', 'पेपरमिंट फ्रापे', 'मी केरिदा सेन्योरिता', 'ला प्रिमा आन्हेलिका', याच क्रमाने. 'प्लासिदो' सबटायटल्ससह बघणं म्हणजे डोकेदुखी. तिघांचं बोलणं एका ओळीत मावत नाही. एकदा गोष्ट समजून घ्या आणि दुसऱ्यांदा सबटायटल्स बंद करून फक्त किन्तानियाच्या मागे फिरा. प्रत्येक चित्रपटात एवढंच टिपा: हा माणूस कोणाला भितो, ती भीती लपवायला तो काय करतो, आणि लपवणं कुठल्या दृश्यात संपतं.

आणि तुमच्या ऑडिशनबद्दल. गंभीर भूमिका हवी म्हणून दाढी वाढवून, आवाज खाली नेऊन काढलेली क्लिप कास्टिंगवाल्यांना पाठवू नका. असल्या क्लिपांचा त्यांच्याकडे ढीग असतो. तुम्हाला येतो तोच कारकून पाठवा. तोच इस्त्रीचा शर्ट, तीच बॅग. प्रसंग मात्र असा घ्या: आईचं खातं बंद करायला मृत्यूचा दाखला घेऊन तो बँकेत आलाय, खिडकीमागचा माणूस 'सही जुळत नाही' म्हणतोय, आणि मागे रांग खोळंबलीय. रांगेतल्या लोकांची माफी मागा, खिडकीवाल्याशी अदबीने बोला, रडू नका. क्लोज-अप घेऊ नका. शॉट कमरेपर्यंतचा ठेवा, म्हणजे दाखला धरलेले हात दिसतील.